तिसऱ्या पायरीवरचा मास्तर

रविराज कोळप्याच्या हाताखालून पोहून गेलेली पोरं आता कुठं कुठं पांगली आहेत. एकजण सैन्यात आहे. दोघं-तिघं रांजणगावच्या कंपन्यांत लागलीत, त्यांचा पाण्याशी संबंध कँटीनच्या फिल्टरपुरता उरलाय. एक पोरगी दौंडला राहून पोलीस भरतीची तयारी करते. पण विहिरीचा विषय निघाला की सगळ्यांच्या तोंडी एकच नाव येतं, मास्तर. आता मास्तर म्हणजे काही पगारी मास्तर नव्हे. गडी कंपनीत फोर्कलिफ्ट चालवतो. शिरूर-चौफुला रस्त्यानं न्हावरं ओलांडलं की डाव्या हाताला कोळप्यांची वस्ती लागते, तिथला. दुसरी पाळी असली की सकाळी विहिरीवर वर्ग, पहिली असली की उन्हं कलल्यावर. उन्हाळ्यात कंपनीची बस चुकली तर चुकली, वर्ग चुकायचा नाही.

विहीर जुनी, दगडी बांधणीची, थेट पाण्यात उतरणाऱ्या पायऱ्यांची. कपारीत पारवे, पाण्यात एक दिवड. तो साप कुणाला चावत नाही, पण नव्या पोराला हे पटेपर्यंत ते अर्धं पोहायला शिकलेलं असतं.

मास्तरांच्या शाळेला इयत्ता होत्या. पहिली म्हणजे डबा. पूर्वी पत्र्याचा डबा असायचा, आता तेलाचा पाच लिटरचा प्लॅस्टिकचा कॅन, पण नाव डबाच राहिलं. तो पाठीला बांधायचा, कमरेला दुसरा दोर, आणि त्याचं टोक मास्तरांच्या हातात. पहिल्या दिवशी डबा आतून कोरडा ठणठणीत. पण पोरं घरी गेली की मास्तर प्रत्येक डब्यात फुलपात्रभर पाणी ओतून टोपण घट्ट लावून ठेवत. दुसऱ्या दिवशी आणखी एक. पोराला वाटायचं डबा तारतोय, आणि डब्याचं तारणं रोज थोडं थोडं कमी होत जायचं. सुट्टी संपायच्या सुमाराला डबा काठोकाठ भरलेला असायचा आणि पोरगं त्याच्या भरवशावर विहीरभर हुंदडत असायचं. मग मास्तर सगळ्यांसमोर टोपण उघडून डबा उपडा करायचे. भळाभळा पाणी पडताना पोराचं जे तोंड व्हायचं, ते बघायला मोठी माणसं रानातली कामं टाकून यायची. पास झालेल्यानं ही गोष्ट नव्या पोरांना सांगायची नाही, अशी विहिरीची शपथ होती. आणि कुणी मोडत नव्हतं. आपण फसलो तसा पुढचाही फसावा, यापरता पक्का कायदा नसतो.

दोराचंही तसंच. "पोट पाण्याला दे. मान सोड. दोर माझ्या हातात हाय," असं मास्तर पहिल्यांदा म्हणायचे तेव्हा तो खरंच हातात असायचा. तेच वाक्य दुसऱ्यांदा आलं की समजावं, दोर सोडला.

एवढं सगळं मास्तर शिकवायचे ते पाण्याच्या वरच्या तिसऱ्या पायरीवरून. तिच्याखाली त्यांचं पाऊल कधी पडलं नाही. कुणी विचारलंच तर म्हणायचे, "मास्तर पाण्यात उतरला की पोरगं मास्तरला धरतं, पाण्याला न्हाई." हे वाक्य इतकं गाजलं की म्हस्कूआप्पांसारखा, विहिरीच्या कठड्यावर बसून जगाच्या चुका काढणारा म्हातारासुद्धा ते पाहुण्यांना ऐकवायचा.

खरी गोष्ट एवढीच होती की मास्तरांना पोहता येत नव्हतं.

त्यात नवल काही नाही. गावची पोरं पोहायला शिकतात उन्हाळ्याच्या सुट्टीत. रविराजचा बाप गेणबा मेंढरंवाला. दिवाळी झाली की त्यांचा वाडा, म्हणजे मेंढरं आणि बिऱ्हाड, कोकणाच्या वाटेला लागायचा, आणि वळवाचे ढग दिसले की माघारी यायचा. सगळा उन्हाळा घाटाखाली, मेंढरांच्या मागं. ओढा आडवा आला तर गेणबा म्होरकी शेळी पाण्यात घालायचा, तिच्या मागं कळप आपोआप जायचा, आणि बाप-लेक वरच्या अंगाला उथळ जागा बघून, काठ्या टेकत पलीकडं निघायचे. कळप पाण्यातनं काढायला स्वतः पोहावं लागत नाही, हे रविराज चालायला लागल्यापासून शिकला होता. पुढं मेंढरं विकली, जमिनीत मोटार बसली, वस्ती स्थिर झाली. पण तोवर रविराजला मिसरूड फुटलं होतं, आणि मिसरूड फुटलेल्या गड्यानं पाठीला डबा बांधून पोरांच्या रांगेत उभं राहणं त्याला जमलं नाही.

आणि मास्तर कसा झाला म्हणाल, तर तोंडात गूळ आल्यामुळं. लग्न नवीन होतं. रविराज विहिरीत मोटारीचा पाइप बघायला उतरला होता, तेवढ्यात विनोद नावाचं एक पोरगं वरून घसरून पाण्यात पडलं. रविराजनं पाइपला मिठी मारली, हातातला दोर फेकला आणि पोराला ओढून घेतलं. ओढताना शेवाळावर पाय सरकून स्वतः पायरीवरच गळ्यापर्यंत भिजला. माणसं धावत आली तर दोघंही निथळतायत. "रव्यानं उडी टाकली," म्हस्कूआप्पा ओरडले. रविराजनं खरं सांगायला तोंड उघडलं, तर आप्पांनी त्यात गुळाचा खडा घातला. खडा चघळून होईपर्यंत बातमी डांबरी रस्त्यापर्यंत पोचली होती. पुढच्या उन्हाळ्यात लोक पोरं घेऊन दारात उभे.

हे गुपित फक्त त्याची बायको प्रतिभा हिला ठाऊक होतं, आणि तिनं ते जपलं होतं, म्हणजे चारचौघांत जपलं होतं. घरात ती न्हाणीच्या दाराशी बादली ठेवून म्हणायची, "मास्तर, जपून. खोल हाय."

रविराज हसायचा. शिकवणं खोटं नव्हतं ना. पोरं तरत होती. त्याची स्वतःची मुलगी प्रांजल तर अशी पोहायची की पारवेसुद्धा कपारीतून माना बाहेर काढून बघत. काठावरच्या, पूर्वी मोटेचं पाणी पडायचं त्या थारोळ्यावरून सूर मारायची, तळाचा गाळ मुठीत आणून वडिलांच्या पायाशी ठेवायची. "पप्पा, तुमच्याइतका दम कवा यील मला?" एकदा तिनं विचारलं होतं. रविराज म्हणाला होता, "यील की." त्या उत्तराची त्याला पुढं फार लाज वाटली. पण तेव्हा वाटली नव्हती, हेही खरं.

यंदा जिल्हा परिषदेच्या शाळेत सारिका मॅडम नव्यानं आल्या. त्यांना भिंतीचं वावडं. गणित बांधावर, भूगोल ओढ्यात, परिसर अभ्यास चिंचेखाली. पोरांनी विहिरीच्या खोलीचं माप दोर सोडून काढलं, सावल्या मोजल्या, पारव्यांची घरटी मोजली. मग मॅडमना मास्तरांच्या इयत्ता समजल्या आणि त्या तिसऱ्या पायरीशेजारीच येऊन बसल्या. "अहो, हे तर पद्धतशीर अध्यापन आहे," म्हणाल्या, "आपण केंद्रप्रमुख साहेबांना दाखवू."

"साहेबाला पोहाया येतं का?" म्हस्कूआप्पांनी विचारलं.

"बघायला येणार आहेत, आप्पा."

"मंग ठीक. बघाया समद्यांना येतं."

रविराजनं आपली पाळी, ताप, पाहुणे, सगळी कारणं सांगून पाहिली. साहेबांनी दिवस ठरवला तो नेमका कंपनीच्या साप्ताहिक सुट्टीचा.

त्या दिवशी विहिरीला जत्रेची कळा आली. कठड्यावर पताका, साहेबांना खुर्ची. पाण्याच्या कडेनं पहिलीची पोरं पाठीला डबे बांधून ओळीनं उभी. रविराज घाईत होता. साहेब मधेच काही विचारत, तो मान वळवून उत्तर देई आणि हात गाठी मारत जाई. बौद्धवाड्यातल्या ताईबाईंची नात भाग्यश्री, ओळीत सगळ्यात लहान. तिच्या गाठीच्या वेळीच साहेबांनी विचारलं होतं, "पण कोळपे, तुम्ही पाण्यात का उतरत नाही?" आणि रविराज आपलं गाजलेलं वाक्य नीट म्हणता यावं म्हणून पूर्ण वळला होता. डब्याची गाठ कच्ची राहिली, कमरेच्या दोराची आणखी कच्ची.

भाग्यश्रीनं पाणी मारायला सुरुवात केली आणि डबा पाठीवरून सुटला. बाजूला होऊन आपला निवांत तरंगायला लागला. पोरगी खाली गेली. रविराजनं दोर ओढला. दोर हलका आला, टोकाला काहीच नव्हतं.

ती समोरच होती. हात लांबवला तर पोचणार नाही, पण उडी टाकली तर अंगावरच पडेल, एवढ्यावर. तिचे केस पाण्यावर आले आणि परत गेले. रविराजनं स्वतःच्या पायांना सांगितलं, चला. पाय जागचे हलले नाहीत. त्याच्या हातानं मात्र मागचा दगड शोधला आणि घट्ट धरला.

थारोळ्यावर प्रांजल उभी होती. ती वडिलांकडं बघत होती, आता पप्पा उडी टाकतील म्हणून. एका श्वासापुरतीच थांबली असेल. तेवढ्यात तिनं त्याचा दगड धरलेला हात पाहिला. मग तिनं सूर मारला.

भाग्यश्रीला केसांना धरून तिनं पायरीवर आणलं. पोरगी खोकली, पाणी ओकली आणि मग मोठ्यानं रडायला लागली, तेव्हा सगळ्यांच्या जिवात जीव आला. रविराजनं वाकून तिला उचललं. तिसऱ्या पायरीवरूनच.

साहेब खुर्चीतून उठले होते. एकदा बोलायला सुरू झाल्यावर ते थांबेनात. "याला म्हणतात कृतीतून शिक्षण. पोटची मुलगी, समोर संकट, पण हा माणूस स्वतः उतरला नाही. विद्यार्थ्यावर विश्वास टाकला. आमच्या प्रशिक्षणात हे सांगून सांगून घसे कोरडे पडतात."

"तरी म्या सांगत हुतो," म्हस्कूआप्पा म्हणाले, "मास्तर पाण्यात उतरला की..." आणि पुढचं सगळ्यांनी कोरसमध्ये म्हटलं.

साहेबांसाठी आणलेली शाल साहेबांनीच रविराजच्या खांद्यावर घातली. एप्रिलचं ऊन, त्यात शाल. घाम गळ्यातून वाहत होता आणि टाळ्या थांबत नव्हत्या. या वेळी तोंडात गूळ नव्हता. बोलता आलं असतं.

संध्याकाळी ताईबाई घरी आल्या. पदराखाली वाटी झाकलेली, तीत गव्हाची खीर. थकलेल्या होत्या, ओट्यावर बसताना गुडघ्याला हात देऊन बसल्या.

"मास्तर, येकच नात हाय मला. तिची आई पुन्यात कामाला, माझ्या भरवशावर ठिवलीय. तुमी व्हता म्हून."

"मावशी, त्ये प्रांजलनं..."

"तिला शिकिवलं कुणी? तुमीच ना?" ताईबाईंनी त्याच्या हाताला हात लावला. त्याच, दगड धरलेल्या.

प्रांजल आत डाळ निवडत बसली होती. तिनं मान वर केली नाही. प्रतिभानं खीर दुसऱ्या भांड्यात काढून घेतली, वाटीत चार भुईमुगाच्या शेंगा घातल्या आणि परत दिली. रात्री तिनं न्हाणीच्या दाराशी बादली ठेवली. रविराज तिथं उभा राहून वाट बघत होता, ती आता म्हणेल, खोल हाय. ती आत निघून गेली. खीर त्यानं खाल्ली नाही, पण टाकलीही नाही. सकाळी ती शिळी झालेली प्रतिभानं कुत्र्याला घातली. कुत्र्याला काही माहीत नव्हतं, त्यानं चाटूनपुसून खाल्ली.

पुढचे काही दिवस विहीर बंद ठेवली, कंपनीत जादा पाळी लागलीय असं सांगून. प्रांजलनं का म्हणून विचारलं नाही. ती पूर्वीसारखीच "पप्पा, जेवायला" म्हणायची, पण ताट ठेवून बाजूला व्हायची. एरवी तिच्या तोंडाचा पट्टा थांबत नसे. मुलगी भांडली असती तर बरं, असं रविराजला वाटायचं. आपल्या पोटच्या पोरीनं आपल्याशी अदबीनं वागावं, यासारखी शिक्षा नाही.

एके दिवशी कंपनीच्या बसमधून उतरून तो चिंचेखालून येत होता. खोडापलीकडं पोरं बसली होती. एकजण म्हणत होता, "पर मास्तर तवा दगडाला धरून का उभं हुतं? म्या बघितलं."

"त्यांनीच मला डोळ्यानं खुणावलं," प्रांजलचा आवाज आला. "म्हनले, तू जा. मी बघतो तुला जमतंय का. दगडाला धरलं ते, मी न्हाई पोचले तर उडी मारायला जोर घ्यायचा म्हून."

"खरं?"

"शप्पथ. विहिरीची."

रविराज खोडाच्या अलीकडंच उभा राहिला. जेवणाचा रिकामा डबा हातातल्या पिशवीत होता, त्यातला चमचा वाजू नये म्हणून त्यानं पिशवी छातीशी धरली. पोरीला खोटं बोलायची सवय नव्हती. ते लगेच कळत होतं, कारण तिनं एकाऐवजी दोन कारणं दिली होती. आणि विहिरीची शपथ, जी त्या पोरांत कुणी कधी मोडली नव्हती, ती तिनं त्याच्यासाठी मोडली होती. इतकी वर्षं त्याचं खोटं त्याच्यापुरतं होतं. आता बाप-लेक ते वाटून खायला लागले होते.

तो चिंचेला वळसा घालून, लांबच्या बांधानं घरी गेला.

रविवारी त्यानं वस्तीवर निरोप धाडला, वर्ग आहे. पोरं आली, म्हस्कूआप्पा कठड्यावर येऊन बसले. ताईबाईही नातीचा हात धरून आल्या. पोरीच्या मनातली भीती आजच काढायला हवी, उद्यावर गेली की मुरते, असं त्यांचं म्हणणं. प्रांजल सगळ्यात शेवटी आली, कोरड्या कपड्यांत.

रविराज शर्ट काढून, हाफ पँटवर, हातात डबा घेऊन पायऱ्या उतरला. तिसऱ्या पायरीवर थांबला आणि डबा प्रांजलपुढं धरला.

"बांध."

"कुणाला?"

"मला."

पोरांना वाटलं, मास्तर नवीन काहीतरी दाखवणार. म्हस्कूआप्पा म्हणाले, "आरं रव्या, त्यो डबा पोरांच्या मापाचा हाय. तुला कंपनीतनं बॅरल आनावं लागंल."

"दाखवत न्हाई, आप्पा. शिकाया आलोय." रविराजला वाटलं होतं, एकदा तोंड उघडलं की पुढचं आपोआप येईल. आलं नाही. एकेक शब्द ओढून काढावा लागला. "मला पोहता येत न्हाई. कवाच येत नव्हतं. विनोदला काढला तवा मी पाइपाला धरून हुतो. आन् मावशी, तुमच्या नातीची गाठ मी कच्ची मारली. तिला प्रांजलनं काढली, मी न सांगता. मी भिऊन दगड धरून हुतो."

आप्पांनी टोपी काढली, आत बघितलं आणि परत घातली.

ताईबाई सावकाश बोलल्या. "मंग इतकी वरसं आमी पोरं कुणाच्या भरवशावर सोडीत व्हतो, मास्तर?"

"दोराच्या," तो म्हणाला.

"त्योबी सुटला व्हता."

ताईबाईंनी नातीचा हात धरला आणि पायऱ्या चढायला लागल्या. रविराज त्यांच्या पाठीकडं बघत राहिला. चार-सहा पायऱ्या चढून त्या थांबल्या, गुडघ्याला हात देऊन तिथंच खाली बसल्या आणि भाग्यश्रीला मांडीशी घेतलं. गेल्या नाहीत. पण त्याच्याकडं बघितलंही नाही.

"बांध की गं," म्हस्कूआप्पा प्रांजलला म्हणाले. त्यांच्या आवाजात नेहमीचा माज नव्हता. "कवाधरनं उघडा उभा हाय त्यो. आमाला काय त्येचं पोट बघाया बोलावलंय?"

एक पोरगं फिसकन हसलं, मग दुसरं, आणि मग सगळीच. रविराज मान खाली घालून ते ऐकत राहिला. ज्यांना त्यानं डबा उपडा करून हसवलं होतं, तीच ही पोरं. प्रांजलनं डबा घेतला, पाण्याच्या कडेला जाऊन आली आणि त्याच्या मागं गेली. पाठीमागं तिचा हात बराच वेळ चालला होता. टोपण घट्ट केल्याचा, दोरी ओढल्याचा आवाज. त्यानं शिकवलेली गाठ तिनं मारली, वर आणखी एक मारली, आणि बोट घालून तपासली. कमरेच्या दोराला दोनदा हिसडा दिला. त्याच्या कानाजवळ येऊन हळूच म्हणाली, "मी तवा पोरांना खोटं सांगितलं."

"ऐकलं मी."

"आता?"

"आता नको सांगू."

ती दोराचं टोक घेऊन तिसऱ्या पायरीवर उभी राहिली, तो खाली उतरला. दुसरी पायरी. पहिली. पाणी घोट्याला लागलं, मग गुडघ्याला. विनोदला काढल्यापासून एवढ्या वर्षांत ते इतकं गार असतं हे तो विसरूनच गेला होता. "आत पाणी गार न्हाई," असं मात्र तो प्रत्येक पोराला सांगत आला होता.

"पोट पाण्याला द्या," प्रांजल वरून म्हणाली. आवाज त्याचाच, फक्त बारीक. "मान सोडा. दोर माझ्या हातात हाय."

हे पहिल्यांदा. म्हणजे दोर खरंच हातात होता. दुसऱ्यांदा ती हे कधी म्हणेल आणि तेव्हा काय झालेलं असेल, हे त्याच्याइतकं कुणाला ठाऊक असणार. एका हातानं कडेचा दगड धरून तो पुढं वाकला, आणि वाकताना पाठीवरच्या डब्यात काहीतरी डुचमळलं.

पहिल्या दिवशी डबा कोरडा, हा नियम त्यानंच घातलेला. आत फुलपात्रभर तरी पाणी होतं. त्याला ते ऐकू आलं, हे तिलाही कळलं.

"काय झालं पप्पा?"

"काय न्हाई," रविराज म्हणाला. फुलपात्रभर म्हणजे कमीच झालं. त्यानं दगडावरचा हात काढला.